हुरड्याला या, माळावर गाडी घालू नका

हुरड्याचा हंगाम तोंडावर आला आहे. मालदांडीची कणसं दुधात आली की पुढचे दीड-दोन महिने सोलापूरकर रविवारी घरी सापडत नाही. आगटी पेटते, गरम कणसं तळहातावर चोळली जातात, शेंगाचटणी आणि गुळाचा खडा फिरतो. यात नवीन काही नाही. नवीन आहे ते हुरडा खाऊन झाल्यानंतरचं. "चला, हरणं बघून येऊ" असं कुणीतरी म्हणतं, दोन-तीन गाड्या डांबरी सोडून माळावर उतरतात आणि काळविटांच्या कळपामागे लागतात. मागच्या सीटवरचा मोबाईल धरून उभा राहतो. कळप जितका जोरात पळेल तितका व्हिडिओ झकास, असा हिशेब असतो. हे आवाहन त्या अर्ध्या तासासाठी आहे आणि ते आत्ताच करायला हवं, कारण नाताळपासून सिद्धेश्वराच्या गड्डा यात्रेपर्यंत ही गर्दी वाढतच जाणार आहे.

आपलं कुंभारी गाव सोलापूर-अक्कलकोट रस्त्यावर आहे. सोलापूरहून स्वामी समर्थांच्या दर्शनाला जाणारे बहुतेक जण इथून जातात. होटगी रस्त्यावरच्या विमानतळावरून जून २०२५ मध्ये गोव्याची विमानसेवा सुरू झाली, म्हणजे आता दुरून येणारेही वाढतील. एका दिवसात देवदर्शन, हुरडा, थोडं साहस आणि थोडे वन्यप्राणी, असा बेत कुणी आखला तर त्यात गैर काय? काहीच नाही. उलट दक्षिण सोलापूरसारख्या दुष्काळी तालुक्याला असा पाहुणा हवाच आहे. फक्त त्याने पाहुण्यासारखं यावं.

पहिली गोष्ट कायद्याची, कारण ती फार थोड्यांना माहीत असते. वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ मध्ये शिकारीची जी व्याख्या आहे, तिच्यात बंदुकीने मारणं तर आहेच, पण जनावराचा पाठलाग करणं, त्याला हुसकावणं आणि आमिष दाखवणं हेही आहे. काळवीट या कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत येतं. २०२२ च्या दुरुस्तीनंतर अशा प्राण्याच्या शिकारीला किमान तीन आणि कमाल सात वर्षं कैद आणि किमान २५ हजार रुपये दंड आहे. "आम्ही मारलं थोडंच, नुसतं पळवलं" हा बचाव तिथे चालत नाही. शिवाय पुरावा आपणच तयार करून, त्यावर गाणं चढवून, गावभर वाटलेला असतो!

आणि नुसतं पळवल्यानेही जनावर मरतं. काळवीट ताशी ८० किलोमीटरच्या आसपास वेग घेतं, पण तो वेग छोट्या झेपेसाठी असतो, लांडग्यापासून सुटण्यासाठी. गाडी दमत नाही. ती मागे लागलीच राहिली तर त्याचं शरीर तापतं, स्नायू आतून तुटू लागतात आणि पुढे त्याचा भार मूत्रपिंडांवर येतो. डोळ्यांसमोरून सुखरूप निसटलेलं जनावर काही तासांनी किंवा दोन-चार दिवसांनी बाभळीखाली मरून पडलेलं असू शकतं. तोवर व्हिडिओ पाहणारे घरी गेलेले असतात. गाभण मादी असेल तर एकाच्या जागी दोन जीव जातात. घाबरलेला कळप कुठेही धावतो, रस्त्यावर येतो, कठडा नसलेल्या विहिरीत पडतो. आपल्या भागात कठड्याविना विहिरी किती आहेत, हे शेतकऱ्यांना वेगळं सांगायला नको.

मुळात माळ म्हणजे रिकामी जागा, हा समज आधी काढून टाकला पाहिजे. इंग्रजांच्या दप्तरात माळ 'पडीक' म्हणून लिहिला गेला आणि आपणही तेच धरून बसलो. झाडं नाहीत म्हणजे जंगल नाही, जंगल नाही म्हणजे गाडी घालायला हरकत नाही! या कुसळी, मारवेल, पवन्याच्या गवतात किती संसार असतात ते थांबून पाहिल्याशिवाय कळत नाही. माळटिटवी, धाविक, पखुर्डी, चंडोल हे सगळे जमिनीवरच अंडी घालतात, बहुतेक तर नीटसं घरटंही करत नाहीत. अंड्यांचा रंग मुरमाचा. पायाखाली आलं तरी दिसत नाही, मग टायरखाली काय दिसणार? फेब्रुवारी सरता सरता यांचे विणीचे दिवस सुरू होतात आणि तेव्हाच हुरड्याच्या शेवटच्या गाड्या येत असतात. थंडीत मध्य आशियातून हजारो किलोमीटर उडून येणारे भोवत्ये दिवसभर टोळ खातात आणि रात्री गवतात जमिनीवरच मुक्काम करतात. रात्री मोठे दिवे लावून 'नाइट सफारी' काढणाऱ्यांनी एवढं ध्यानात घ्यावं.

लांडग्याचे तर हेच दिवस नाजूक असतात. त्याची पिल्लं साधारण डिसेंबर ते फेब्रुवारीत होतात. ओढ्याच्या काठची दरड, जुनी घळ, खडकाची कपार अशा जागी मादी पिल्लं ठेवते. माणसांचा आणि गाड्यांचा वावर वाढला की ती पिल्लं तोंडात धरून दुसरीकडे हलवते, त्यात एखाददुसरं मागे राहतं. देशभरात भारतीय लांडगे सुमारे तीन हजार उरले असावेत असा अंदाज आहे, म्हणजे वाघांपेक्षा कमी. वाघासाठी आपण ताडोब्याला जातो, पैसे भरतो, गाईड सांगेल तिथे गप्प बसतो. आणि त्याहून दुर्मीळ जनावर आपल्या गावच्या शिवेवर असताना त्याच्या दारात डीजे लावतो.

जेवणानंतरच्या खरकट्याचंही ऐका. पत्रावळी, भात, मटणाची हाडं माळावर टाकून गेलं की दुसऱ्या दिवशी भटकी कुत्री येतात, आठवड्याने त्यांची टोळी होते. ती टोळी काळविटाची पाडसं मारते, खोकडाला पळवते आणि लांडग्यांना रोग देते. पुण्याजवळच्या माळावर तर कुत्रा आणि लांडगा यांचा संकर झाल्याचं २०२३ मध्ये जनुकीय तपासणीतून सिद्ध झालं. म्हणून खरकटं परत न्या. सोबत पाळीव कुत्रा आणू नका.

आगटीबद्दल शेतकरी बांधवांना विनंती. आगटी रानाच्या मधोमध, नांगरट झालेल्या जागी पेटवा, बांधाला लागून नको. डिसेंबरात गवत वाळून काडी झालेलं असतं आणि वारा पूर्वेचा असतो. पाहुणे उठले की निखाऱ्यांवर दोन घागरी पाणी ओता, माती टाका, मगच जागा सोडा. माळ पेटला तर गुरांचा उन्हाळ्याचा चाराही जातो, हे नुकसान तुमचंच आहे.

आता माळढोकाची गोष्ट, कारण सोलापूर जिल्ह्याला या बाबतीत इतिहास आहे आणि तो अभिमानाने सांगण्यासारखा राहिलेला नाही. नान्नजच्या माळावरच्या या पक्ष्यासाठी १९७९ मध्ये अभयारण्य झालं, तेही केवढं! सोलापूर आणि नगर जिल्ह्यांत मिळून सुमारे साडेआठ हजार चौरस किलोमीटर. त्यात गावं, शेतं, बाजारपेठा सगळं आलं आणि लोक वैतागले. २०१२ मध्ये ते कमी करून सुमारे १,२२२ चौरस किलोमीटरवर आणलं गेलं. बोरामणीच्या नियोजित विमानतळाचा प्रश्नही याच अभयारण्याच्या वनजमिनीपाशी येऊन अडला. लोकांच्या रागात तथ्य होतं, हे मान्य करायला हवं. पण या सगळ्या भांडणात पक्षी मात्र संपत गेला. मादी एका वेळी बहुधा एकच अंडं घालते, तेही उघड्या जमिनीवर. एखादा माणूस, एखादं कुत्रं, एखादी गाडी आली आणि ते गेलं की तो हंगाम गेला. आज नान्नजला एखादा माळढोक दिसला तरी वर्तमानपत्रात बातमी येते. काळवीट आज सहज दिसतं म्हणून ते उद्याही दिसेल, असं ज्यांना वाटतं त्यांनी आपल्या वडीलधाऱ्यांना माळढोकाबद्दल विचारावं.

सहलीचे आयोजक आणि कृषी पर्यटन केंद्रं चालवणाऱ्यांना स्पष्टच सांगतो. 'काळवीट सफारी' हे शब्द फलकावरून उतरवा. अभयारण्याच्या हद्दीत वनविभागाच्या परवानगीशिवाय शिरता येत नाही, आणि हद्दीबाहेरही जनावराच्या मागे गाडी लावता येत नाही. चारचाकी मोटारसायकली, ज्यांना एटीव्ही म्हणतात, त्या गवतावर फिरवू नका. स्वतःच्या पडीक शेतात ठरावीक मार्ग आखून खुशाल फिरवा. झिपलाइन, रॅपलिंग, नौकाविहार असं काही करत असाल तर राज्याच्या २०२१ च्या साहसी पर्यटन धोरणानुसार पर्यटन संचालनालयाकडे नोंदणी करावी लागते. पाहुण्यांनीही पैसे देण्याआधी नोंदणीचा कागद बघायला मागावा, लाजू नये. दोर कुणाच्या भरवशावर बांधला आहे, हे विचारण्याचा हक्क लटकणाऱ्याला आहे.

मग एका दिवसात करायचं काय? माझ्या मते वन्यजीव आणि साहस यांची जागा वेगळी ठेवली की दोन्ही छान होतं. पहाटे उजाडायच्या आत कुंभारीच्या बाजूला या. रस्त्यावरच गाडी उभी करा, इंजिन बंद, काचा खाली. स्थानिक जाणकार सोबत असेल तर तो सांगेल वारा कुठून आहे आणि कळप कुठे आहे. गाडी स्थिर असली की काळवीट तिला फारसं बिचकत नाही, माणूस खाली उतरला की मात्र पळतं. थंडीच्या सकाळी आपली हद्द राखणारा काळा नर मान मागे टाकून माद्यांपुढून चालत जातो, तो थाट दुर्बिणीतून पाहावा. नऊ-दहाला माळ सोडा. हैदराबाद रस्त्याने नळदुर्ग गाठा, सोलापूरपासून ४५ किलोमीटरच्या आसपास आहे. किल्ल्याची तटबंदी फिरा, उपळ्या बुरुजाच्या पायऱ्या चढा, बोरी नदीवरचा पाणीमहाल पाहा. दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळात, १६१३ च्या सुमारास बांधलेला तो बंधारा आजही पाणी धरतो. पाय दुखेपर्यंत साहस होतं. परतताना तुळजापूरमार्गे या, म्हणजे दिवस मावळताना हिप्परग्याचा एकरूख तलाव लागतो. १८७१ चा हा तलाव थंडीत स्थलांतरित पक्ष्यांनी भरलेला असतो. काठावर बसा, ड्रोन उडवू नका. हुरडा यात कुठेही बसतो.

कुंभारी ग्रामस्थांना, विशेषतः तरुणांना एक वेगळं सांगणं आहे. आपला माळ आता पूर्वीचा राहिला नाही. आधी विडी कामगार बायांची दहा हजार घरांची गोदूताई परुळेकर वसाहत झाली, मग रे नगर. तीस हजार घरांच्या त्या योजनेतली पहिली पंधरा हजार घरं १९ जानेवारी २०२४ रोजी कामगारांच्या हाती आली. घरं हवीच होती, त्याबद्दल दुमत नाही. पण त्या घरांतल्या पोरांना कामही हवं. पुणे वनविभागाने इंदापूर तालुक्यात कडबनवाडी आणि बारामती तालुक्यात शिर्सुफळ इथे गवताळ प्रदेशाची सफारी सुरू केली. ठरलेला मार्ग, आधी नोंदणी आणि सोबत गावातलाच प्रशिक्षित गाईड. लांडगा दिसला तर गाईडला रोजगार, नाही दिसला तरी रोजगार. हेच आपल्याकडे का नको? ग्रामसभेत ठराव करा आणि वनविभागाकडे प्रशिक्षण मागा. मराठी, कन्नड, तेलुगू तिन्ही बोलणारा गाईड अख्ख्या महाराष्ट्रात आणखी कुठे मिळणार? आणि धनगर बांधवांना आधी विचारा. लांडग्याचा माग त्यांच्याइतका कुणालाच कळत नाही, आणि नुकसानही त्यांचंच होतं. मेंढरू गेलं तर जनावर हलवू नका, लगेच वनविभागाला कळवा, पंचनामा करून भरपाई मागा. विष घालू नका.

गवतात काळविटाचं पाडस एकटं बसलेलं दिसलं तर उचलू नका. ते टाकलेलं नसतं. आई त्याला लपवून चरायला गेलेली असते आणि तुम्ही दूर गेल्याशिवाय ती परत येणार नाही. जखमी प्राणी, विहिरीत पडलेलं जनावर, पेटलेला माळ किंवा कळपामागे लागलेली गाडी दिसली तर वनविभागाच्या 'हॅलो फॉरेस्ट' १९२६ या क्रमांकावर फोन करा. ठिकाण, वेळ आणि गाडीचा नंबर सांगा. भांडायला जाऊ नका, नंबर टिपून घ्या. हा क्रमांक आजच मोबाईलमध्ये साठवा आणि येत्या रविवारी ज्यांच्यासोबत हुरड्याला जाणार आहात, त्यांनाही पाठवा.