‘जुजू’पाशी अडलेले रसिक

सूझी अँड द बॅन्शीज या लंडनच्या बँडबद्दल जाणकारांचा निवाडा ठरलेला आहे. १९८१चा ‘जुजू’ हा कळस, गॉथिक रॉकची गंगोत्री. त्यानंतर सगळी उतरण आणि पॉपच्या बाजाराशी तडजोड.

‘जुजू’च्या थोरवीबद्दल वाद नाही. ‘स्पेलबाउंड’मध्ये जॉन मॅकगिओकची गिटार सुट्या सुरांची भरधाव वीण घालते आणि खाली बजीचे ड्रम्स क्षणभर उसंत घेत नाहीत. पण पॉपशी तडजोड नंतर झाली म्हणणाऱ्यांनी १९७८ आठवावं. बँडचं पहिलंच सिंगल ‘हाँगकाँग गार्डन’ ब्रिटिश यादीत सातव्या क्रमांकावर गेलं होतं, तेही झायलोफोनच्या गुणगुणता येणाऱ्या सुरावटीवर. मग तडजोड झाली कधी? जन्मतःच?

दुसरं असं, की ‘जुजू’ हा काही मूळ पिंड नव्हे, तो एक मुक्काम होता. सप्टेंबर १९७९मध्ये ॲबर्डीनच्या कार्यक्रमाला काही तास उरले असताना गिटारवादक जॉन मॅके आणि ड्रमर केनी मॉरिस निघून गेले. उरले सूझी आणि बासवादक स्टीव्हन सेव्हरिन. दुसरा एखादा बँड तिथेच मोडला असता. यांनी बजीला घेतलं आणि हाती कायमचा गिटारवादक नसताना ‘कॅलिडोस्कोप’ केला: सिंथेसायझर, ड्रम मशीन, ‘रेड लाइट’मध्ये तर चक्क कॅमेऱ्याची खटखट तालात बसवलेली. ‘जुजू’ची भरगच्च गिटार आली ती या विरळ अल्बमनंतर. ‘जुजू’ला आरंभ मानणारे नेमकं हेच विसरतात. आणि तीच गिटार पुन्हा वाजवायची सोय असताना, मॅकगिओक बँडमध्येच असताना, १९८२च्या ‘अ किस इन द ड्रीमहाउस’मध्ये त्यांनी व्हायोलिन-चेलो आणि टेप लूप आणले.

१९८८चं ‘पीक-अ-बू’ हे तर विरोधकांचं लाडकं उदाहरण. पण ते बनलं कसं? जॉन केलच्या ‘गन’ची त्यांनी आधी जी आवृत्ती केली होती, तिच्यातला ब्रासचा तुकडा उलटा फिरवला, त्यावर ताल रचला, मार्टिन मॅकॅरिकचा अकॉर्डियन चढवला. सूझीच्या गायनाचे तुकडे कधी डाव्या कानात, कधी उजव्या. अमेरिकेत बिलबोर्डने पर्यायी रॉकची यादी सुरू केली, तिच्या पहिल्या आठवड्यात हे गाणं अव्वल होतं. बाजाराला शरण जाणारा माणूस इतकी उलटीसुलटी खटपट करत नाही.

‘सुपरस्टिशन’ (१९९१) मात्र मलाही जरा जास्तच गुळगुळीत वाटतो. निर्माता स्टीव्हन हेग यांनी कोपरे फार घासले. तरी त्यातलंच ‘किस देम फॉर मी’ नीट ऐका. तलविन सिंग यांचा तबला तिथे शोभेला ठेवलेला नाही. तो बजीच्या तालात मुरलाय आणि त्यामुळेच गाणं डोलतं. (आपल्याकडच्या कानांना हे सांगायला नको.) अमेरिकेत ते तेविसाव्या क्रमांकापर्यंत चढलं. ते काळ्या पोशाखातल्या चाहत्यांना रुचलं नाही, हा दोष गाण्याचा कसा?