रेफ्युजीचे पाकीट आणि आपली फरदड



पत्रक उसाचे, मग त्यात कपाशी कशाला, असे कोणी म्हणेल. पण आपल्या वर्धा जिल्ह्यात ऊसवाल्याचाही निम्मा प्रपंच कपाशीवरच चालतो, म्हणून आम्ही हे लिहीत आहोत.

बीटी हे नाव आहे मातीतल्या एका साध्या जिवाणूचे, बॅसिलस थुरिंजिएन्सिसचे. १९०१ साली जपानात इशिवाता यांना तो आजारी रेशीमकिड्यांत सापडला. पुढे जर्मनीतल्या थुरिंजिया प्रांतावरून त्याचे नाव पडले. हा जिवाणू प्रथिनाचा स्फटिक तयार करतो. अळीच्या पोटातल्या अल्कधर्मी रसात तो विरघळतो अन् तिच्या आतड्याला भोके पाडतो. हे प्रथिन बनविणारे जनुक शास्त्रज्ञांनी कपाशीत नेले, तेही ॲग्रोबॅक्टेरियम या मातीतल्याच दुसऱ्या जिवाणूच्या पाठीवर बसवून. मार्च २००२ मध्ये एका जनुकाच्या बीटी कपाशीला देशात परवानगी मिळाली, २००६ मध्ये दोन जनुकांची आली. हिरव्या बोंडअळीच्या फवारण्या वाचल्या, हे नाकारण्यात अर्थ नाही.

मग २०१७ च्या हंगामात बोंड फोडले की आत गुलाबी अळी, असे का झाले?

त्या काळी ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत १२० ग्रॅम बिगर बीटी बियाणे मिळे. ते रेफ्युजीचे पाकीट किती जणांनी पेरले? आम्हीही ते धुऱ्यावर फेकले, कबूल करतो. विष पचविणारी अळी सुरुवातीला अगदी विरळा असते. तिचा पतंग साध्या कपाशीवरच्या पतंगाशी जुळला, तर पिलांना तो गुण एकाच बाजूने मिळतो आणि बहुतेक पिले बीटी खाऊन मरतात. साधी कपाशीच नसली की पचविणाऱ्यांची आपसांतच सोयरीक! आता बिगर बीटी सरकी पाकिटातच मिसळून येते, पण व्हायचे ते होऊन गेले.

दुसरे कारण फरदड. गुलाबी अळी जवळजवळ कपाशीवरच जगते. शेत रिकामे झाले की तिची उपासमार होते. कोरडवाहूवाल्याची पऱ्हाटी आपोआप वाळते. फेब्रुवारी-मार्चपर्यंत हिरवी ठेवतो तो ओलीतवाला, म्हणजे आपणच. उसाचे बिल हाती येईपर्यंत फरदडीचे चार पैसे लागतात, हे आम्हाला माहीत आहे. पण त्या चार पैशांपायी पुढच्या हंगामात शेजाऱ्याचे बोंड किडते. पतंगाला धुरा कळत नाही.

डिसेंबरअखेर कपाशी संपवा, असे नागपूरची केंद्रीय कापूस संशोधन संस्था सांगत आली आहे. एकट्याने ऐकून उपयोग नाही. ऊसतोडीचा गाववार कार्यक्रम लागतो, तसाच पऱ्हाटी काढण्याचा लागावा आणि कारखान्याने त्यासाठी ट्रॅक्टर व रोटाव्हेटर सवलतीच्या भाड्याने द्यावेत. येत्या आमसभेत आम्ही तसा ठराव मांडणार आहोत. ज्यांची फरदड उभी आहे, त्यांनी विरोध करायला तरी जरूर यावे.