अनुभव कोणाचा धरावयाचा?

शासकीय पदांच्या जाहिरातीत वयाची अट असते, पदवीची असते आणि पुष्कळदा अनुभवाचीही असते. पहिल्या दोहोंवरून तंटे क्वचितच होतात. जन्मतारीख आणि गुणपत्रिका यांचा निवाडा कागदच करतो. अनुभवाचे तसे नाही. कोठे केलेले, कोणत्या स्वरूपाचे आणि किती वेतनावर केलेले काम 'अनुभव' या संज्ञेस पात्र ठरावे, हा प्रश्न उमेदवाराला न्यायालयाची पायरी चढावयास लावतो. तुळजापूरच्या उमेदवाराला ही पायरी सुमारे अडीचशे किलोमीटरांवर आहे. प्रशासकीय न्यायाधिकरणाचे आणि उच्च न्यायालयाचेही मराठवाड्यातील खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे.

आपल्या राज्यातीलच एक प्रकरण या संदर्भात लक्षात घेण्याजोगे आहे. अन्न व औषध प्रशासनातील सहायक आयुक्त (औषधे) आणि औषध निरीक्षक या पदांसाठी महाराष्ट्र लोकसेवा आयोगाने औषधांच्या उत्पादनाचा अथवा चाचणीचा प्रत्यक्ष अनुभव मागितला होता. संशोधन प्रयोगशाळेतील अनुभव असणाऱ्यांस पसंती देण्याची तरतूदही होती. ज्यांच्यापाशी केवळ संशोधनाचा अनुभव होता त्यांनी तोच मूळ अटीच्या जागी धरावा असा आग्रह धरला, व त्यांच्या बाजूने निकालही झाला. सर्वोच्च न्यायालयाने ३ मे २०१९ रोजी तो फिरविला. कोणती अर्हता आवश्यक हे नियोक्त्याने ठरवावयाचे असते. पसंतीचा प्रश्न मूळ पात्रता सिद्ध झाल्यावरच येतो. आणि न्यायालयाने नियुक्ती-अधिकाऱ्याच्या खुर्चीत बसू नये, असा त्याचा आशय आहे.

हा निर्णय मला योग्यच वाटतो. कारखान्यात शिरून दोष हुडकणाऱ्या निरीक्षकाने कारखाना आतून पाहिलेला असावा, ही अपेक्षा अवास्तव नव्हे. काम करता करताच माणूस काम शिकतो, या रोजच्या निरीक्षणाला केनेथ ॲरो यांनी १९६२ मध्ये अर्थशास्त्रीय सिद्धांताचे रूप दिले. मात्र याच विचाराची दुसरी बाजू आपण विसरतो. अनुभव कामावरच निर्माण होत असेल, तर जेथे काम नाही तेथे अनुभवही नाही. देवीच्या यात्रेवर बाजारपेठ चालणाऱ्या गावातील औषधनिर्माणशास्त्राच्या पदवीधराला औषधांचे दुकान सहज सापडते. पण दुकानातील वर्षे उत्पादनाच्या किंवा चाचणीच्या अनुभवात जमा होत नाहीत. पदवी येथे मिळाली तरी अनुभव औद्योगिक शहरातच मिळवावा लागतो, आणि तेथे राहण्याचा खर्च ज्याला पेलतो त्यालाच अर्ज करता येतो.

न्यायालयाने नियोक्त्यावर सोपविलेला अधिकार मोठा आहे. म्हणूनच नियोक्ता तो कसा वापरतो हे पाहिले पाहिजे. शासन हा काही साधा नियोक्ता नव्हे. कोणत्या कामाला अनुभव म्हणावे हे ते ठरविते आणि ज्याला अनुभव म्हटले जाणार नाही असे कामही तेच निर्माण करते.

याचा दाखला शोधण्यासाठी महाविद्यालयाबाहेर जावे लागत नाही. तासिका तत्त्वावरील अध्यापक तोच अभ्यासक्रम शिकवितात, त्याच उत्तरपत्रिका तपासतात. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या विनियमांनी महाविद्यालयीन सहायक प्राध्यापकपदाच्या छाननीत अध्यापनाच्या प्रत्येक वर्षाला दोन, कमाल दहा गुण ठेवले. पण पूर्वीची तात्पुरती सेवा थेट भरतीसाठी वा बढतीसाठी धरावयाची झाल्यास त्या व्यक्तीचे एकूण वेतन नियमित अध्यापकाच्या वेतनाहून कमी नसावे, अशी अट त्याच विनियमांत आहे. तासिकांचे मानधन त्या पातळीस पोहोचत नाही, हे सांगण्यास अर्थशास्त्राचा प्राध्यापक लागत नाही. म्हणजे अनुभव शिकविण्यावरून मोजला जात नाही, तर पगारपत्रकावरून मोजला जातो. पगार कमी ठेवणाऱ्यानेच, कमी पगार म्हणून ते काम हिशेबातून वगळावे, हा अजब ताळेबंद होय.

न्यायालयांनी नेहमीच कोरडी भूमिका घेतली असे नाही. दिल्ली राज्य खनिज विकास महामंडळातील रोजंदारीच्या कामगारांना केवळ शैक्षणिक पात्रतेअभावी कायम करण्याचे नाकारता येणार नाही, तीन वर्षांचा प्रत्यक्ष अनुभव पुरेसा आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९८९ मध्ये म्हटले. पुढे २००६ च्या उमादेवी प्रकरणात घटनापीठाने केवळ दीर्घ तात्पुरत्या सेवेमुळे कायम होण्याचा हक्क प्राप्त होत नाही असे ठरविले. तो निर्णय खुल्या स्पर्धेच्या रक्षणासाठी होता आणि ते तत्त्व मान्य करावयास हवे. तथापि नोकरीत कायम होण्याचा हक्क मागणे वेगळे आणि केलेल्या कामाची स्पर्धेत मोजदाद व्हावी असे म्हणणे वेगळे. दुसऱ्या मागणीने कोणाचीही संधी हिरावली जात नाही.

तेव्हा शासनाने दोन गोष्टी कराव्यात. अनुभवाची अट घालणाऱ्या विभागाने, पदाच्या कोणत्या कर्तव्यासाठी ती आवश्यक आहे, हे जाहिरातीपूर्वीच लेखी नमूद करावे. म्हणजे पुढील निम्मे वाद उद्भवणारच नाहीत. दुसरे, अनुदानित महाविद्यालयांत तासिकांवर केलेले अध्यापन, मानधन कितीही असो, तासांच्या हिशेबाने अनुभवात धरावे आणि त्याचे प्रमाणपत्र सत्र संपताच अध्यापकाच्या हाती द्यावे. आज जाहिरात निघाल्यावर त्यासाठी जुन्या महाविद्यालयांचे उंबरठे झिजवावे लागतात, आणि पात्रता तर अर्जाच्या अखेरच्या तारखेलाच पाहिली जाते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्येच स्पष्ट केलेले आहे.