रामा शेट्टी आणि चित्रपटाचा बाजार

सदाशिव अमरापूरकर यांचे नाव निघाले की सामान्य प्रेक्षकाच्या तोंडी ‘खलनायक’ हा एकच शब्द येतो. बीडच्या सीमेला लागून असलेल्या नगर जिल्ह्यातील हे रंगकर्मी 2014 साली निवर्तले. त्यांच्या अभिनयाचे एवढेच मोजमाप मागे उरावे, यात नटापेक्षा त्याला विकत घेणाऱ्या बाजाराचा दोष अधिक आहे.

‘हॅण्ड्स अप’ या मराठी नाटकातील त्यांचे काम पाहून गोविंद निहलानी यांनी त्यांना ‘अर्धसत्य’ (1983) मध्ये घेतले. कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची. त्यातील रामा शेट्टी फारसा आवाज चढवीत नाही. त्याला तशी गरजच नाही. पोलिसांतले वरिष्ठ त्याच्या मुठीत आहेत आणि तो निवडणुकीला उभा आहे. गुंडगिरी आणि सत्ता या एकाच व्यवहाराच्या दोन बाजू आहेत, हे आपण अभ्यासवर्गात तासभर सांगत आलो; अमरापूरकरांनी ते एका थंड नजरेत सांगितले. डिसेंबर 2024 मध्ये केज तालुक्यातील मस्साजोगच्या सरपंचांचा खून झाला. पवनऊर्जा कंपनीकडे मागितलेल्या खंडणीच्या आड ते आले म्हणून, असा आरोप आहे. मार्च 2025 मध्ये त्या प्रकरणी राज्याच्या एका मंत्र्याला पद सोडावे लागले. बीडच्या वाचकाला रामा शेट्टी समजावून सांगावा लागणार नाही.

भांडवल जोखमीला भिते. एकदा खपलेला मालच ते पुन्हा मागविते. ‘हुकूमत’ (1987) नंतर अमरापूरकरांकडे खलभूमिकांची रांग लागली, पण रामा शेट्टीतील राजकारण वजा करून. ‘सडक’ (1991) मधील महाराणीने त्यांना फिल्मफेअरचा खलनायकासाठीचा पहिलाच पुरस्कार मिळवून दिला. अभिनय थरकाप उडविणारा होता हे मान्य. तथापि आधीच लाथाडलेल्या तृतीयपंथी समाजाला त्या चित्रपटाने क्रौर्याचा चेहरा दिला, हेही नोंदविले पाहिजे. मग ‘आँखें’ (1993), ‘इश्क’ (1997) अशा चित्रपटांत त्यांना हसविण्याच्या कामी लावले गेले, आणि तेही त्यांनी चोख केले. याच नटाने दूरदर्शनच्या ‘भारत एक खोज’ मध्ये महात्मा फुले उभे केले होते. त्या ताकदीला बाजारात मागणी नव्हती.

बाजाराने जे मागितले नाही ते त्यांनी अन्यत्र दिले. डॉ. श्रीराम लागू, निळू फुले यांच्यासह ते सामाजिक कृतज्ञता निधीच्या कामात होते. पूर्णवेळ कार्यकर्त्याला मानधन मिळावे म्हणून उभारलेला हा निधी. कार्यकर्त्याचे घर कशावर चालते, हा प्रश्न आपल्या पक्षांनी ठरावांआड जितका टाळला तितका या नटांनी टाळला नाही. (हे वाचून कोणी रागावले तर रागावो.)

मार्च 2013 मध्ये मराठवाडा दुष्काळात होरपळत होता. बीड-जालन्याची जनावरे चारा छावण्यांत होती. मुंबईत वर्सोव्याला, राहत्या परिसरात होळीनिमित्त चाललेल्या पाण्याच्या उधळपट्टीला अमरापूरकरांनी हरकत घेतली आणि त्यांना मारहाण झाली. तेव्हा ते 62 वर्षांचे होते. त्यानंतर मे महिन्यात ‘बॉम्बे टॉकीज’ प्रदर्शित झाला. त्यातील दिबाकर बॅनर्जी यांच्या लघुपटातली त्यांची भूमिका लहान आहे. परंतु ज्यांनी केवळ महाराणी पाहिली आहे, त्यांनी ती अवश्य पाहावी.