नाव नांत्युआ, रंग टोमॅटोचा

ताटलीत केशरी तळं होतं आणि मधोमध एक टम्म फुगलेलं कनेल पालथं पडलं होतं. मी काट्याने तळ ढवळून पाहिला. कवच नाही, शेपटी नाही, नांगी तर नाहीच. पोऱ्याला बोलावून विचारलं, “यात एक्रविस कुठे आहे?” “सॉसमध्ये, मस्यू.” “सॉसमध्ये कुठे?” “चवीत.” एवढं बोलून तो पुढच्या टेबलाकडे गेला. बावीस युरो मोजून मी जे खाल्लं ते मैद्याच्या खळीत कालवलेलं टोमॅटोचं सार होतं, आणि फळ्यावर खडूने लिहिलेलं नाव होतं सॉस नांत्युआ.

ल्योंमध्ये राहून मला अकरा वर्षं झाली. लाल चौकड्यांचे टेबलक्लॉथ घातलेल्या इथल्या छोट्या खानावळींना बूशाँ म्हणतात. तिथे बसून मी एवढ्या वेळा फसलो आहे की आता गप्प बसणं म्हणजे भागीदारी ठरेल. नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा, ही म्हण आपल्याकडे गरिबाला हिणवायला वापरतात. इथे सोनूबाई श्रीमंत आहे आणि कथलाचे पैसे सोन्याच्या भावाने घेते.

आधी माल काय आहे ते सांगतो, कारण आपल्या भाषेत त्याला शब्दच नाही. गोड्या पाण्यातलं क्रेफिश भारतात मूळचं नाहीच. बोटभर लांबीची शेवंड घ्यावी, तिला खेकड्याच्या नांग्या लावाव्यात आणि डोंगरातल्या गार ओढ्यात दगडाखाली सोडावी, की झालं फ्रेंचांचं एक्रविस. त्याच्या कवचांपासून केलेलं लोणी, बेशामेल नावाचा दुधामैद्याचा पांढरा सॉस, भरपूर साय आणि वरून सोललेल्या शेपट्या, असा हा नांत्युआ सॉस. तो बहुतेक कनेलवर ओततात. कनेल म्हणजे पाइक नावाच्या माशाच्या गराची, अंडी घालून केलेली लुसलुशीत लांबट गोळी. पाइकला पाला माशासारखे बारीक काटे असतात. ते निवडत बसण्यापेक्षा वाटून चाळणीतून काढलेले बरे, हे ज्याला पहिल्यांदा सुचलं त्याला माझा नमस्कार.

नांत्युआ हे खरं गाव आहे. ल्यों आणि जिनिव्हाच्या मध्ये, जुरा डोंगरांच्या दक्षिण टोकाला, एका लांबट तळ्याकाठी वसलेलं. प्रांत ब्युजे, जिल्हा अँ. हो, जिल्ह्याचं नाव एवढंच आहे, तिथल्या नदीवरून पडलेलं. “कुठला जिल्हा?” “अँ.” “अहो, जिल्हा विचारतोय!” हा संवाद मी फोनवर आईशी दोनदा केला आहे. खाण्यावर तत्त्वज्ञान लिहिणारा ब्रिया-साव्हारँ याच ब्युजेतल्या बेले गावचा, तिथला महापौरही. त्याचं पुस्तक १८२५ च्या डिसेंबरात आलं, आणि तेव्हापासून या पट्ट्यातल्या प्रत्येक खानावळवाल्याला आपण त्याचे सख्खे पुतणे आहोत असं वाटतं.

गावाच्या इतिहासात एक प्रसंग आहे, तो मला फार आवडतो. ८७७ मध्ये टकल्या शार्ल नावाने ओळखला जाणारा बादशहा आल्प्स ओलांडून इटलीतून परतताना वाटेत मेला. सरदारांनी प्रेताला मद्य आणि सुगंधी द्रव्यं लावून ते पॅरिसजवळच्या सेंट-डेनीकडे न्यायला घेतलं, पण दुर्गंधी एवढी सुटली की पिंपात बंद करूनही भागेना. शेवटी त्याला नांत्युआच्या मठात पुरलं, आणि काही वर्षांनी हाडं उकरून सेंट-डेनीला नेली. म्हणजे वास लपवण्यासाठी नांत्युआचा उपयोग करायची रीत तशी जुनीच.

आता मुद्दा. “आमच्या मातीतला सॉस”, “आजीच्या हातची चव” असं जे मेन्यूकार्डावर लिहिलेलं असतं, ते अर्धं थोतांड आहे. ब्युजेतल्या ओढ्यांत क्रेफिश मुबलक होतं आणि दूध-सायीला तोटा नव्हता, एवढं खरं. पण आज ज्याला नांत्युआ म्हणतात त्याचा पाया बेशामेल आहे, आणि त्याला नाव चौदाव्या लुईच्या दरबारातल्या एका बड्या कारभाऱ्याचं. या सॉसची मापं छापली एस्कोफियेने, १९०३ च्या ‘गीद क्युलिनेर’मध्ये. तो जन्माने दक्षिणेकडचा, नीसजवळचा, आणि तेव्हा लंडनच्या कार्लटन हॉटेलात मुदपाकखाना चालवत होता. दाक्षिणात्य माणूस, लंडनचं हॉटेल, व्हर्सायचा पांढरा सॉस, आणि नाव डोंगरातल्या गावाचं! उच्चभ्रू फ्रेंच स्वयंपाकात गावांची नावं अशीच वापरली जातात. गाव म्हणजे तिथे कोळसे फुंकणारी बाई नव्हे, गाव म्हणजे मेन्यूवरचं विशेषण.

तरी एस्कोफियेला मी दोष देणार नाही. त्याच्या कृतीत एक लिटर बेशामेलला १२५ ग्रॅम क्रेफिशचं लोणी आहे, वर वीस शेपट्या. आजच्या खानावळवाल्यांनी ही वाक्यं कधी वाचलीच नसावीत, किंवा वाचून हिशेब केला असावा.

मालाचीही बोंब जुनीच. इंग्रज शास्त्रज्ञ हक्सलीने १८८० साली एका क्रेफिशवर अख्खं पुस्तक काढलं. त्यात तो सांगतो की एकटं पॅरिस वर्षाला पन्नास ते साठ लाख क्रेफिश फस्त करतं, फ्रान्सच्या नद्यांना ही भूक केव्हाच झेपेनाशी झाली आहे, आणि माल जर्मनीहून येतो. म्हणजे एस्कोफियेने मापं छापली त्याच्या वीस-पंचवीस वर्षं आधीच पॅरिसच्या ताटातलं “नांत्युआ” अर्धंअधिक जर्मन असणार. आजीची आठवण काढून डोळे पुसणाऱ्यांनी आधी आजी पॅरिसची की ब्युजेची, हे तपासून घ्यावं.

त्यातच रोगाची भर पडली होती. १८६० च्या सुमारास इटलीत क्रेफिश पटापट मरू लागले, आणि दहा-पंधरा वर्षांत ती साथ फ्रान्सच्या ओढ्यांत उतरली. कारण होतं बुरशीसारखा एक सूक्ष्म जीव, अमेरिकन क्रेफिशच्या अंगावर बसून आलेला. अमेरिकनांना त्याची सवय आहे, ते त्याला घेऊन सुखाने नांदतात. युरोपातलं क्रेफिश मात्र त्याने ओढेच्या ओढे साफ होतं. आणि यावर युरोपातल्या हुशार माणसांनी काय उपाय केला? ओढे रिकामे झाले ना, मग अमेरिकेतून क्रेफिश आणून सोडले. जर्मनीत १८९० मध्ये एक जात, स्वीडनमध्ये १९६० मध्ये दुसरी, स्पेनमध्ये १९७३ साली लुईझियानाची लाल जात. चोर घर लुटून गेला म्हणून चोराच्याच भावाला राखणीला ठेवलं. उरलेसुरले देशी क्रेफिशही त्यात गेले. आज फ्रान्समध्ये देशी क्रेफिश पकडायला मुभा असलीच तर जुलैच्या चौथ्या शनिवारपासून फक्त दहा दिवस, आणि बऱ्याच ठिकाणी तीही नाही. योग्यच आहे. पण मग वर्षाचे उरलेले तीनशे पंचावन्न दिवस त्या फळ्यावर काय लिहिलेलं असतं?

नांत्युआच्या तळ्याचीही कथा ऐका. सांडपाणी सोडून सोडून विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात तळ्यात लालसर शेवाळाचा असा उठाव झाला की शास्त्रज्ञ त्याच्यावर शोधनिबंध लिहायला आले. सॉस लाल करायला क्रेफिश उरलं नाही, पण तळं लाल झालं.

या सॉसचा खरा जीव कशात आहे, हे मला घरच्या खलबत्त्याने शिकवलं. दगडी खलबत्ता मी कोल्हापूरहून बॅगेत घालून आणला. विमानतळावर त्याचे जादा वजनाचे पैसे भरले, त्या पैशांत इथे चार खलबत्ते आले असते. चाळीस क्रेफिश आणले. आधी आतडं काढायचं: शेपटीच्या पंख्यातली मधली पाकळी चिमटीत धरून हलकी पिरगळायची आणि ओढायची, की काळा दोरा सरसर बाहेर येतो. घाई केली की तुटतो, आणि मग सॉसला चिखलाची चव येते. उकळत्या पाण्यात टाकल्यावर मळकट तपकिरी जीव क्षणात शेंदरी होतो. ही काही जादू नव्हे. लाल रंगद्रव्य कवचात आधीपासून असतंच, फक्त प्रथिनाने त्याला जखडून ठेवलेलं असतं. उष्णतेने प्रथिनाची पकड सुटते आणि रंग मोकळा होतो. आपल्याकडचा खेकडा आधणात लाल होतो, तोही याच कारणाने.

शेपट्या सोलून बाजूला. आता उरले पाय, पाठी, डोकी, म्हणजे कुठल्याही हॉटेलात जे कचऱ्याच्या डब्यात जातं ते सगळं. हा कचरा म्हणजेच सॉस आहे. तो कुटायचा, आणि खळकन आवाज थांबून दमदार चरचर ऐकू येईपर्यंत कुटायचा. त्यात अडीचशे ग्रॅम लोणी घालून मंद, अगदी मंद वाफेवर तासभर ठेवायचं. तो रंग पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळतो, म्हणूनच लोणी हवं. मग फडक्यातून पिळून बर्फाच्या पाण्यात गाळायचं. थोड्या वेळाने वर केशरी चकती थिजते, खाली राखाडी पाणी उरतं. माझ्या अडीचशे ग्रॅमचं दोनशेच्या आसपास परत मिळालं. दोन्ही दंड भरून आले होते आणि खालच्या मजल्यावरच्या बाईंनी दोनदा काठीने छत ठोकलं होतं.

हा प्रकार मी फोनवर मालवणच्या आत्याला मोठ्या कौतुकाने सांगितला. इथले लोक कवचं फेकून देतात आणि वर टोमॅटो घालतात, हेही सांगितलं. तिने एवढंच विचारलं, “पाय टाकून दितत? मगे रस खयसून येतलो?” कुर्ल्यांचे बारके पाय वाटून, पाणी घालून, गाळून तो रस कालवणात ओतायचा, हे तिला सातव्या वर्षापासून ठाऊक आहे. बूशाँच्या मालकाला ते साठाव्या वर्षी ठाऊक नाही, किंवा ठाऊक असून परवडत नाही.

ल्योंच्या जुन्या बायकांना ठाऊक होतं. इथे नावाजलेल्या स्वयंपाकिणींना ‘मेर’, म्हणजे आई, म्हणतात. मेर फियू १९२५ मध्ये वारली. वर्षानुवर्षं तिच्याकडे ठरलेलेच मोजके पदार्थ मिळायचे, आणि त्यांत क्रेफिशच्या लोण्यातलं कनेल हमखास असे. लोण्यातलं! म्हणजे कवचं कुटलेली. तिच्याच हाताखाली तयार झालेली यूजेनी ब्राझिये, याच अँ जिल्ह्यातल्या खेड्यातली, १९३३ साली मिशलँचे सहा तारे मिळवून बसली, दोन हॉटेलांना तीन-तीन. आज तिचे फोटो भिंतीवर लावून त्याखाली डब्यातला सॉस वाढतात.

त्या डब्याचंही ऐका. सुपरमार्केटातून मी एक डबा घेतला आणि मागची बारीक अक्षरं चष्मा लावून वाचली. पहिलं पाणी. मग दूध, मैदा, स्टार्च, टोमॅटो. क्रेफिश कुठे, तर मिठाच्या शेजारी, जेमतेम हजेरी लावायला आलेलं. शेपट्या असल्याच तर बहुधा चीनच्या भातशेतीतल्या लाल लुईझियानी, सोलून गोठवून आलेल्या. मला चीनबद्दल तक्रार नाही. पूर्वी तुर्कस्तानचा माल येई, १९८० च्या दशकात तिथेही रोग पोचला आणि तो आटला. बाजार आहे, माल कुठूनही येणार. तक्रार नावाबद्दल आहे. नांत्युआपासून तासाभरावर ब्रेस आहे. तिथल्या कोंबडीच्या नावाला १९५७ पासून कायद्याचं कवच आहे. पांढरी पिसं, निळे पाय, किती दिवस कुरणात चरली, सगळं मोजतात, आणि खोटी कोंबडी विकली तर खटला. सॉसला मात्र कोणी वाली नाही. ज्याला वाटेल त्याने वाटेल त्या केशरी पातळ पदार्थाला नांत्युआ म्हणावं.

आपली मंडळीही मागे नाहीत. मुंबईच्या एका पंचतारांकित हॉटेलात मी ‘नांत्युआ’ खाल्ला आहे, कोळंबीचा. कोळंबी उत्तम होती. तिच्या डोक्यांचा सॉसही कोणीतरी मनापासून केला होता, ल्योंच्या त्या खळीपेक्षा शंभरपट बरा. मग त्याला कोळंबीचा सॉस म्हणायला लाज का वाटावी? कोळंबी काय कमी कुळातली आहे? शेफने येऊन मला ब्युजेच्या झऱ्यांबद्दल सांगितलं. मी विचारलं, “तुम्ही गेला होता का तिकडे?” तो म्हणाला, “इंटरनेटवर वाचलं, सर.” निदान खरं बोलला.

यावर “मग हा सॉस बंदच करावा” म्हणणारे शुद्धतावादीही भेटतात. देशी क्रेफिश नाही तर नांत्युआ नाही, असं म्हणून ते उदास चेहऱ्याने वाइन पितात. त्यांचं ऐकू नये. उदासीने पोट भरत नाही, आणि ओढेही भरत नाहीत. जिनिव्हाच्या लेमान सरोवरात अमेरिकन सिग्नल क्रेफिश बक्कळ झाले आहेत. कोळी ते पकडून विकतात. ते खावेत, भरपूर खावेत. देशी क्रेफिशचा संसार उधळणाऱ्याचं कवच कुटताना हाताला वेगळंच बळ येतं, हे मी अनुभवाने सांगतो.

गेल्या महिन्यात तेच केलं. लेमानचे सिग्नल, कोल्हापूरचा खलबत्ता, शेजारच्या गोठ्यातली घट्ट साय. ऑफिसातला एक सहकारी जेवायला होता, ल्योंचाच, तीन पिढ्यांचा. तोंडातला पहिला घास संपायच्या आत म्हणाला, “व्वा, नांत्युआ!” मी म्हटलं, नाही, हा लेमानचा अमेरिकन सॉस आहे, आणि कुटलेल्या कवचांचं फडकं अजून बेसिनमध्ये आहे, हवं तर दाखवतो. त्याला फडकं बघायचं नव्हतं. दोनदा वाढून घेतलं. मग पावाच्या तुकड्याने ताटली स्वच्छ पुसत म्हणाला, “छान आहे. पण रंग जरा फिका वाटतो, नाही? थोडी टोमॅटो पेस्ट घालून बघ.”