शिक्षकांनाही दहा-वीस-तीस द्या

आश्वासित प्रगती योजनेचा 10, 20 आणि 30 वर्षांच्या सेवेनंतरचा वरिष्ठ वेतनाचा लाभ जिल्हा परिषदेच्या शिक्षकांनाही मिळालाच पाहिजे, अशी आमची ठाम भूमिका आहे. 2 मार्च 2019 च्या शासन निर्णयाने राज्य कर्मचाऱ्यांना तीन टप्पे दिले; शिक्षक मात्र 12 वर्षांची वरिष्ठ श्रेणी आणि 24 वर्षांची निवड श्रेणी यांतच अडकले.

त्यातही निवड श्रेणीला वरिष्ठ श्रेणीतील पदांच्या 20 टक्क्यांची मर्यादा आहे. त्यामुळे पात्रता असूनही असंख्य शिक्षक दुसऱ्या लाभाविना निवृत्त होतात. सातपुड्यातील धडगाव, अक्कलकुव्याच्या पाड्यांवर उमेदीची वर्षे घालवणाऱ्यांना हा अन्याय अधिक बोचतो.

शासनाने ही मर्यादा तातडीने उठवावी आणि शिक्षकांना तिन्ही टप्पे लागू करावेत. अन्यथा सातपुड्यातील दुर्गम शाळांवर टिकायला अनुभवी शिक्षक उरणार नाहीत.