फुलेऱ्याचे हसू आणि चाकणचा हिशेब

‘पंचायत’ या हिंदी मालिकेची 2020 ते 2025 या काळात चार पर्वे झाली आणि प्रत्येक पर्वागणिक ‘निखळ विनोद’ व ‘अस्सल ग्रामीण वास्तव’ ही दोन प्रशस्तिपत्रे तिला नव्याने बहाल होत गेली. पहिले मान्य करता येईल. दुसरे मात्र तपासावे लागते, कारण या मालिकेचे टिकाऊ आकर्षण नेमके वास्तवाच्या वजाबाकीतून निर्माण झाले आहे.

फुलेरा ग्रामपंचायतीत वाद होतात ते फिरत्या खुर्चीवरून, चोरीला गेलेल्या मॉनिटरवरून, सौरदिव्याच्या खांबावरून. पुढच्या पर्वांत घरकुले आणि निवडणूक येते. पण तिथेही जात, जमीन आणि पैसा यांचे संबंध दोन गटांच्या कुरघोडीत विरघळून जातात. प्रधान मंजूदेवी, कारभार पतीच्या हाती. या विसंगतीचे उत्तर पहिल्या पर्वात काय, तर तिने राष्ट्रगीत पाठ करणे! 73 व्या घटनादुरुस्तीचा प्रश्न असा घरगुती गोडव्यात निकाली निघतो.

मराठी वाचकाला ही रीत अपरिचित नाही. द. मा. मिरासदारांच्या भोकरवाडीचा विनोदही गावाला असाच निरुपद्रवी करीत असे, आणि विनोदी ग्रामीण कथेच्या या वळणावर ग्रामीण साहित्य चळवळीने घेतलेले आक्षेप सर्वश्रुत आहेत. तेच आक्षेप या मालिकेबाबत विस्मरणात जावेत, हे समीक्षेच्या आळसाचे लक्षण होय.

याउलट चाकण परिसरातील महाळुंगे, निघोजे, कुरुळी ही गावे पाहावीत. कारखान्यांवरील करातला वाटा, भंगाराचे व मजूर पुरवठ्याचे ठेके यांमुळे तेथील सरपंचपद ही आर्थिक सत्ता आहे. भाड्याच्या खोल्यांत राहणारा कंत्राटी कामगार मात्र या सत्तेच्या हिशेबात कोठेच नाही. ग्रामसभेची गणपूर्ती मतदारांवर ठरते. ज्याचे नाव गोरखपूरच्या किंवा नांदेडच्या यादीत, त्याला पाण्याच्या टँकरविषयी ग्रामसभेत बोलण्याचा अधिकार नाही.

आणि तरीही पाळी संपवून आलेला हाच तरुण मोबाइलवर फुलेरा पाहतो. त्याला भोळा प्रेक्षक ठरवणे सोपे आहे, पण अन्यायाचे आहे. फुलेऱ्यातील सचिवही बाहेरचा, अल्प वेतनावरचा, निघून जाण्याची तयारी करणारा; तरी गाव त्याला नावाने ओळखते, जेवायला बोलावते. ज्या कार्यालयाला तक्रारदाराचा चेहरा ठाऊक आहे अशा शासनाची ही ओढ आहे. ती ओढ मुळात राजकीय मागणी आहे. मालिका तिचे रूपांतर सांत्वनात करते, आणि ‘अस्सल वास्तव’ म्हणणारी समीक्षा त्या सांत्वनावर शिक्कामोर्तब करते.

विनोद सत्तेला धक्का देतो असे मानणाऱ्यांनी एवढे सांगावे: फुलेऱ्याच्या कार्यालयात भाडेकरू का येत नाही? तो दारात उभा राहिला, की सचिवाला दप्तर उघडावे लागेल आणि हा विनोद तिथेच संपेल.